वैजूमावशीची कबुतरांची फिल्म

प्रिय इरा आणि नील,

परवा व्हिडिओ कॉलवर इरानं मधेच विचारलं की वैजूमावशीची ती पक्ष्यांची फिल्म शेवटी पूर्ण झाली का. मी ‘हो’ म्हणाले, तेवढ्यात नीलला फुटबॉलला जायचं होतं आणि कॉल संपला. उत्तर खरं होतं, पण अपुरं होतं. शिवाय आमच्या समोरचं तिचं घर गेल्या आठवड्यात विकलं गेलं. डब्लिनच्या कडेच्या या ल्यूकनमधली घरं इतकी सारखी दिसतात की नवीन माणसं आली, पडदे बदलले, की तिथं कोण राहत होतं हे सांगणारं काही उरणार नाही. तुम्ही पर्थला गेलात तेव्हा लहान होतात. वैजूमावशीबद्दल तुमच्या लक्षात राहिलं असेल ते तिचं ओरडणं. म्हणून आता लिहिते आहे. मराठीत लिहिते आहे, कारण तुम्हाला समजतं हे मला माहीत आहे. उत्तर इंग्रजीत आलं तरी चालेल. आईला वाचून दाखवायला सांगा, आणि तिनं मधला भाग गाळला असं वाटलं तर मला कळवा.

वैजयंती नागपूरची. लहानपणापासून कथक शिकलेली, लग्नाआधी गावोगावी कार्यक्रम केलेली. नवरा प्रशांत चिप बनवणाऱ्या कारखान्यात इंजिनियर, म्हणून ती इथं आली. उंच, सडपातळ, आणि केस इतके घट्ट बांधायची की भुवया किंचित वर ओढल्यासारख्या दिसत. अंगात कायम प्रशांतचं पावसाळी जाकीट, बाह्या दुमडलेल्या. सिग्नलपाशी रस्ता ओलांडायला उभी राहिली तरी आता हिचं नाव पुकारणार आहेत अशी उभी राहायची. आमच्या स्वयंपाकघरात चहा घेताना टेबलाखाली तिचे पाय ठेका धरत, आणि चहा हमखास गार होई. मग तो गारच पिऊन टाकायची आणि म्हणायची, “काकू, चहा छान झाला होता.”

एरवी तिचं मराठी पुस्तकी वाटावं इतकं स्वच्छ. चिडली की नागपूर बाहेर येई. “काय करून राहिले हे लोक?” असं फाटकापासूनच ऐकू आलं की मी दूध जास्त तापायला ठेवायची. ती बसणार हे नक्की.

इरा, तू शुक्रवारी संध्याकाळी चर्चच्या मागच्या हॉलमध्ये तिच्या क्लासला जायचीस. (वर्गातली सगळ्यात आळशी मुलगी, असं ती मला तोंडावर सांगायची.) त्याच हॉलच्या पलीकडच्या खोलीत त्याच वेळी कबुतरं पाळणाऱ्या लोकांचा क्लब भरे. शनिवारी त्यांच्या शर्यती. आदल्या संध्याकाळी माणसं वेताच्या टोपल्यांतून कबुतरं घेऊन येत, प्रत्येक पक्ष्याची नोंद होई, मग एक मोठा ट्रक ती टोपली-टोपलीनं लांब घेऊन जाई. सकाळी तिथून सोडलं की पक्षी उडत आपापल्या घरी. ज्याचा लवकर, तो जिंकला.

एका शुक्रवारी क्लास चालू असताना दारात एक म्हातारा येऊन उभा राहिला. हा ख्रिस्टी. डब्लिनच्या बसवर ड्रायव्हर होता, आता निवृत्त. टोपी हातात घेऊन म्हणाला, “मिसेस, ती घुंगरं जरा थांबवाल का? आमच्या पक्ष्यांना उद्या उडायचंय.”

“माझ्या मुलींना पुढच्या महिन्यात नाचायचंय,” वैजू म्हणाली.

“तुमच्या मुली घरचा रस्ता चुकणार नाहीत, मिसेस. त्यांना न्यायला आया येतात.”

ती त्याच्यामागे भांडायला म्हणून गेली आणि बराच वेळ परतली नाही. तुम्ही पोरींनी तेवढ्यात खुर्च्यांवरून उड्या मारल्यात, हे मला नंतर कळलं. ती भांडलीच नव्हती. ख्रिस्टीनं टोपलीतून एक पक्षी काढला होता, त्याचे पाय दोन बोटांमध्ये धरून, अंगठा पंखांवर ठेवून, आणि ती त्या हाताकडे पाहत राहिली होती. दुसऱ्या दिवशी माझ्यासमोर तिनं तो हात करून दाखवला. “काकू, गुरुजींनी दहा वर्षं माझा हात असा व्हावा म्हणून डोकं आपटलं. आणि या माणसाला माहीतच नाही की त्याचा हात सुंदर आहे.”

मग गार चहा पिऊन म्हणाली, “नाचताना मला सगळ्यांनी पाहिलं. मी कोणाला पाहिलं?”

हे वाक्य पुढे मी इतक्यांदा ऐकलं की मला त्याचा कंटाळा आला. पण पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मी गॅस बंद करून बसले होते.

तिनं कॅमेरा घेतला. संध्याकाळचा एक कोर्स केला. आणि थेट कबुतरांकडे न जाता आधी सराव म्हणून पार उत्तरेला, लेटरकेनी गावाला गेली. प्रशांतचा एक मित्र तिथल्या हॉस्पिटलात डॉक्टर आहे. त्या भागातली तरुण मुलं जुन्या गाड्या विकत घेतात, त्यांची इंजिनं बदलतात, आणि रिकाम्या जागी चाकांचा धूर काढत गोल गोल फिरवतात. बाहेरच्यांना तो नुसता उपद्रव वाटतो. त्यांच्यात मात्र कोणाची गाडी कोणी कशी घडवली याला फार मान असतो. वैजू त्यांच्यासाठी पुरणपोळ्या घेऊन गेली, पोरं खूश झाली. आठवड्यानं परतली ती तोंड पाडून.

आम्हाला तिनं ते चित्रण दाखवलं. पोरं कॅमेऱ्याकडे मान वर करून बघत होती, एकामागून एक डावीकडून येत होती, गाडीच्या बॉनेटवर हात ठेवून थांबत होती. मागून वैजूचा आवाज, “पुन्हा एकदा. मान वर. हां, आता हस.”

प्रशांत म्हणाला, “चांगलं दिसतंय की.”

“चांगलंच दिसतंय. माझ्या क्लासचं गॅदरिंग दिसतंय,” ती म्हणाली. त्याच दिवशी तिनं सगळं पुसून टाकलं. एक तुकडा ठेवला नाही. प्रशांत फार कमी बोलणारा माणूस, ‘होईल’ हा त्याचा आवडता शब्द. त्या दिवशी तो ‘होईल’ न म्हणता बाहेर जाऊन गवत कापत बसला.

नंतर तिनं क्लास बंद केला. ‘दोन्ही होत नाही’ एवढंच कारण. पालक चिडले, तुमची आईसुद्धा. गणपतीत मराठी मंडळाची मंडळी तिच्या घरी आली. दरवर्षी मुलींचा नाच तीच बसवायची. या वर्षी ती म्हणाली, नाच नाही, पण कबुतरवाल्या लोकांचं थोडं चित्रण झालंय, ते दाखवते. मंडळाच्या ताई म्हणाल्या, “दाखव ना, छानच. फक्त मध्ये तुझा एक आयटम घाल. लोकांना काहीतरी बघायला नको का?”

दाखवलं ते जेवणाच्या वेळी. पडद्यावर ख्रिस्टी कबुतरांचं लाकडी घर, त्यांची ढाबळ, साफ करत होता आणि खाली मसालेभाताची रांग सरकत होती. कोणीतरी म्हणालं, “हे कधी नाचायला लागणार?” जवळचे हसले. वैजू भिंतीला टेकून उभी होती. हसणाऱ्यांत तीही होती, पण तिचे पाय स्थिर होते. ते स्थिर असले की मला काळजी वाटायची.

आता मुख्य गोष्ट. पुढच्या उन्हाळ्यात फ्रान्सहून येणारी शर्यत होती, त्यांच्या वर्षातली सगळ्यात लांबची. ख्रिस्टीनं ती कधीच जिंकली नव्हती. या वेळी त्याच्याकडे एक निळसर करडी मादी होती, तो तिला नुसतं ‘निळी’ म्हणायचा. तिच्यावर त्याची फार आशा. वैजूची फिल्मही त्याच दिवसावर उभी होती. वर्षभर तिनं त्याचं दाणे टाकणं, धुणं, पिल्लांच्या पायांत कडी घालणं टिपलं होतं. हा दिवस मिळाला की फिल्म झाली.

मला ती सोबत घेऊन गेली. “तुम्ही ग्रंथालयात होतात काकू, तुम्हाला गप्प बसता येतं,” म्हणाली. ख्रिस्टीच्या परसात मी प्लास्टिकच्या खुर्चीवर माइकची काठी धरून बसले. त्यानं आम्हाला एकच नियम सांगितला होता: पक्षी छपरावर उतरला म्हणजे आला असं नाही. तो आपल्या पायांनी ढाबळीत शिरला पाहिजे, दाराशी एक पट्टी असते, तिच्यावर त्याच्या पायातल्या कडीची नोंद होते. तेव्हा तो आला. तोवर हालायचं नाही, बोलायचं नाही.

सकाळ गेली. ख्रिस्टीनं थर्मासमधला चहा आम्हाला दिला. “ग्रँड,” म्हणाला, म्हणजे सगळं ठीक. आकाश कोरं होतं. “ग्रँड,” पुन्हा म्हणाला, पण आता स्वतःशी. मग अचानक टोपी काढून उभा राहिला. मला काहीच दिसलं नाही. बऱ्याच वेळानं एक ठिपका, मग पंख, आणि मग निळी पंख मिटून दगडासारखी खाली आली, शेवटच्या क्षणी पंख उघडून ढाबळीच्या फळीवर अलगद टेकली. इतक्या लांबून उडत आलेला जीव असा उतरला की पायांचा आवाजही झाला नाही.

आणि वैजूनं टाळी वाजवली. “वा! क्या बात है!” मैफलीत समेवर येते तशी, मनापासून, खणखणीत.

निळी उडाली. शेजारच्यांच्या धुराड्यावर जाऊन बसली आणि पिसं साफ करायला लागली. ख्रिस्टीनं दाण्यांचा डबा हलवला. शीळ घातली. ती येईना. तेवढ्यात त्याचा फोन वाजला. क्लबातल्या दुसऱ्या माणसाचा पक्षी घरात शिरला होता. नंतर आणखी एकाचा. निळी आली तेव्हा ख्रिस्टी घड्याळाकडे बघतसुद्धा नव्हता.

तो रागावला असता तर बरं झालं असतं. त्यानं डबा खाली ठेवला, टोपी घातली आणि म्हणाला, “सामान आवरा, मिसेस. सावकाश आवरा, घाई नाही आता.” आम्ही फाटकापाशी पोचल्यावर म्हणाला, “पुढच्या शनिवारी नका येऊ.”

गाडीत बसून तिनं गाडी सुरूच केली नाही.

“काकू, मी टाळी का वाजवली?”

“चांगलं झालं म्हणून.”

“पण ते माझ्यासाठी झालं नव्हतं.”

ख्रिस्टीनं क्लबातल्या सगळ्यांना काय सांगितलं माहीत नाही, पण कोणीही तिला परसात येऊ देईना. फिल्म तिथंच अडली. नेमकं तेव्हाच शहरात, बॉल्सब्रिजमधल्या एका हॉटेलात तिला एका निर्मात्या बाईंनी भेटायला बोलावलं. मी पुन्हा सोबत, कारण रागात किंवा घाबरलेली असताना वैजूला रस्ते सापडत नसत. मी शेजारच्या टेबलावर बसले. हिरव्या चष्म्याच्या त्या बाईंनी लॅपटॉपवर सगळं पाहिलं, बहुतेक सगळं बोटानं पुढे सरकवत. टाळी आली तिथं थांबल्या. हसल्या. मागे नेऊन परत पाहिलं, परत हसल्या.

“हीच तुमची फिल्म आहे,” त्या म्हणाल्या. सुरुवात रंगमंचावर, वैजू नाचते आहे. मग परस. मग ही टाळी. आणि शेवटी ख्रिस्टीच्या अंगणात ती नाचते आणि पाठीमागून सगळी कबुतरं उडतात. पैसे उभे करायला काही अडचण नाही.

“आणि ख्रिस्टी?” वैजूनं विचारलं.

“तो आहेच की. मागे.”

वैजूनं शांतपणे लॅपटॉप मिटला. आभार मानले. बिल देण्यावरून थोडा वाद झाला. परतीच्या बसमध्ये ती वरच्या मजल्यावर अगदी पुढच्या सीटवर बसली. ल्यूकनला उतरताना म्हणाली, “त्या माणसाचं नुकसान झालं ते विनोद म्हणून विकू?”

घरी मात्र सगळे तिच्याविरुद्ध गेले. प्रशांत म्हणाला, “एकदा हो म्हण. दोन मिनिटं नाच, बाकीची फिल्म तुझी.”

“दोन मिनिटं नाचले की बाकीची पण नाचाचीच होते.”

“मग नको करूस. पण मग हे घरभर वायर कशाला?”

तुमच्या आईचंही म्हणणं तेच होतं, आणि ते चुकीचं होतं असं मला आजही म्हणता येत नाही. इतकी वर्षं शिकलेली कला, लोक ती बघायला मागताहेत, आणि ही बाई एका म्हाताऱ्याच्या कबुतरांपायी सगळ्यांना नाही म्हणते. समजावून समजावून आमची तोंडं दुखली. ती ऐकून घ्यायची आणि म्हणायची, “काकू, बघणं हेही काम असतं. ते अजून मला येत नाही.”

शरद ऋतू आला. दर शुक्रवारी ती हॉलवर जायला लागली, कॅमेरा न घेता. नाचाचा क्लास आता दुसरीच कोणी घेत होती, तिला ओलांडून ही पलीकडच्या खोलीत जाई आणि हीटरशेजारी उभी राही. शर्यतींचा हंगाम संपलेला असला तरी क्लबची माणसं जमत, पक्षी दाखवत, पत्ते खेळत. कोणी तिला या म्हणालं नाही, जा म्हणालं नाही. ती टोपल्या उचलून गाडीत ठेवू लागली. एकदा कोणीतरी म्हणालं, “हिचे हात बांधून ठेवा रे, पुन्हा वाजतील.” सगळे हसले. ख्रिस्टी हसला नाही. त्यानं पत्ते वाटले आणि एक वाटा तिच्यासमोर ठेवला.

वसंतात एका शुक्रवारी निघताना तो तिच्याकडे न बघता म्हणाला, “शनिवारी हवा बरी असेल म्हणतात.”

एवढंच आमंत्रण होतं. ती तेवढ्यावर नाचली असती, पण नाचली नाही.

त्या उन्हाळ्यात मी एकदाच तिच्यासोबत गेले. कॅमेरा तिपाईवर लावून ती माझ्या त्याच प्लास्टिकच्या खुर्चीवर बसली, आणि दोन्ही हात मांड्यांखाली घातले. तासन्‌तास तशीच. निळी आली, फळीवर टेकली, मान वाकडी करून आमच्याकडे बघितलं, आत गेली. मी वैजूकडे पाहिलं. तिचे डोळे भरले होते, बोटं खुर्चीत दबून पांढरी पडली होती. तुमच्या आजीनं आयुष्यभर वाचनालयात ‘शांतता राखा’ अशी पाटी लावली, पण इतकी कष्टाची शांतता पाहिली नव्हती. ती शर्यतही ख्रिस्टी जिंकला नाही. कोणीतरी तिसराच जिंकला.

फिल्म तिनं घरीच जुळवली. टाळी तिनं काढून टाकली. टीव्हीवाल्यांनी घेतली नाही. महोत्सवांकडून आलेली उत्तरं सभ्य होती आणि सगळ्यांचा सूर एकच: छान आहे, पण तुम्ही यात कुठे आहात? मंडळानं पुन्हा विचारलं नाही. शेवटी ती दाखवली गेली त्याच हॉलमध्ये, क्लबच्या लोकांना. मला तुम्हाला खरं तर हीच संध्याकाळ सांगायची होती.

म्हातारे, त्यांच्या बायका, सँडविचचे ट्रे. ख्रिस्टी पहिल्या रांगेत, कंबरेच्या ऑपरेशननंतर काठी घेऊन आलेला. वैजू सगळ्यात मागे दाराशी उभी, प्रशांतच्या जाकिटात. सुरुवातीला सगळे बोलत होते. “अरे हा बघ, तेव्हा केस होते युअर मॅनला.” (‘युअर मॅन’ म्हणजे इथल्या बोलीत ‘हा गडी’.) चेष्टा, खोकला, कपांचे आवाज. मग पडद्यावर रिकामं आकाश आलं. ते फार वेळ राहतं. मला वाटलं, आता हे कंटाळणार. पण आवाज एकेक करून थांबले. ठिपका दिसला. पहिल्या रांगेतल्या एकानं कप बशीत ठेवायचा तसाच हवेत धरून ठेवला. निळी उतरली, फळीवर टेकली, आणि त्या खोलीत कोणी श्वाससुद्धा घेतला नाही. पडद्यावरचं कबूतर उडून जाईल अशी भीती सगळ्यांना वाटत होती. ती आत शिरली. तेव्हा कुठे खुर्च्या करकरल्या.

आणि ख्रिस्टीनं, मागे वळून न बघता, काठी मांडीवर ठेवली आणि एकदाच टाळी वाजवली. खणखणीत.

सगळा हॉल हसला. मी मागे वळले. वैजू हसत नव्हती. दोन्ही हात तिनं जाकिटाच्या खिशात खोल घातले होते आणि तिथंच ठेवले होते. खाली पाहिलं तर तिचे पाय ठेका धरत होते.

मला ती डोळ्यांपुढे येते ती अशीच. नंतर प्रशांतची बदली सिंगापूरला झाली आणि आवराआवरीच्या धावपळीत आमचं नीट बोलणं झालं नाही. नवीन काही करणार का, विचारलं तर म्हणाली, “कोणाला सांगू नका काकू, लगेच नाचायला बोलावतील.”

आता तो हॉल व्यायामशाळा आहे. ख्रिस्टीनं ढाबळ मोडली, पक्षी क्लबातल्या लोकांना वाटले. निळी कुठे आहे मला माहीत नाही. फिल्म पाऊण तासाची आहे. ती माझ्या खोलीतल्या, इथल्या भाषेत, प्रेसमध्ये, म्हणजे कपाटात, वरच्या फळीवर एका हार्ड डिस्कमध्ये आहे. वर माझ्या अक्षरात चिठ्ठी लावली आहे. शेजारच्या कापडी पिशवीत तिची घुंगरं आहेत, ती तिनं नेली नाहीत.

तुमची आजी